शरीराशी भांडण नको आणि तब्येतीकडे दुर्लक्षही नको: खानदेशातल्या आपल्या घरांत हे कसं जमवता?

तापीकाठची (जळगाव)

नमस्कार मंडळी. बरेच दिवस हा विषय डोक्यात आहे, आज लिहूनच टाकते.

आपल्याकडच्या कुठल्याही हळदीला जा. मांडवात पाय ठेवला की "कशी आहेस" विचारायच्या आधीच "कितली जाड व्हयी गयी वं माय!" किंवा "कितली वाळी गयी!" यातलं एक ऐकू येतं. म्हणणारीच्या मनात काही नसतं, पण ऐकणारी त्या दिवशी ताटावर बसताना चार जणींच्या नजरा मोजते.

मी अंगानं जाड आहे, कॉलेजपासूनच. वडिलांना मधुमेह, आत्यालाही. त्यामुळे "मी अशीच छान आहे" म्हणून रक्त तपासायचंच नाही, हे मला परवडणारं नाही. पण आरशात बघून रोज स्वतःला बोल लावायचे, हेही मी करणार नाही. मध्यंतरी भाचीच्या लग्नासाठी ब्लाऊज शिवायला टाकले. शिवणारी ताई टेप गळ्यात अडकवून म्हणाली, "जरा घट्टच शिवू का? म्हणजे तेवढं बारीक व्हायला जोर येईल." मी म्हटलं, "आजच्या मापाचा शिव. मला त्यात जेवायचं आहे, नाचायचं आहे." तिनं माप पुन्हा घेतलं. ब्लाऊज इतका नीट बसला की लग्नात एकदाही खांदा ओढावा लागला नाही.

माझं म्हणणं एवढंच आहे, की काळजी घ्यायला बारीक होण्याची वाट बघू नका. चालणं, नीट जेवणं, झोप, तपासण्या हे सगळं आज आहे त्या शरीराला हवं आहे. इंटरनेटवर मात्र दोनच टोकं दिसतात. एक म्हणतं वजनाचं नावही काढू नका, दुसरं म्हणतं भाकरी बंद करा आणि डबा भरून पावडर प्या. मधला रस्ता आपल्या घरांत, आपल्या खाण्यासकट, आपल्या उन्हासकट कसा काढता? मोकळेपणानं लिहा.

केळीबाग (रावेर)

ताई, चांगला विषय काढलात. शेतकऱ्याच्या बाजूनं लिहितो.

माझे आजोबा वरणबट्टी खायचे तर बट्टीवर तूप ओतून खायचे, आणि पोट पाठीला लागलेलं. कारण दिवस उजाडायच्या आत मोटेवर, मग मळ्यात, संध्याकाळी पायी घरी. आता माझ्या बागेत ठिबक आहे, व्हॉल्व्ह फिरवला की काम झालं. बांधापर्यंत मोटारसायकल जाते. मजूर घड कापतात, मी हिशोब लिहितो. ताट आजोबांचं राहिलं, काम त्यांचं राहिलं नाही. म्हणून आपल्या जेवणाला दोष देतात तेव्हा मला पटत नाही. बट्टी तीच आहे, आपण खुर्चीत बसलो.

एक प्रश्न आहे. केळी पिकवणारा माणूस मी, आणि गावात ज्याला त्याला डॉक्टरनं केळी बंद सांगितलेली. खरंच इतकी वाईट का?

लोखंडी_रूळ (भुसावळ)

मी थोडं वेगळं बोलतो, राग मानू नका.

स्वीकार वगैरे शब्द ऐकायला गोड आहेत, पण माणूस त्याच्या आड लपतो. आमच्याकडे शिफ्ट ड्युटी. रात्री दोनला कचोरी आणि गोड चहा, सकाळी घरी येऊन झोप. पोट सुटलेलं दिसतं, तरी सगळे म्हणतात "खातंपितं घर आहे". कुणी स्पष्ट बोललंच नाही तर माणूस सुधारणार कधी? मला साहेबांनी तोंडावर सांगितलं तेव्हा मी चालायला लागलो. लाज वाटली म्हणूनच लागलो.

तापीकाठची

दादा, राग कसला. तुम्हाला बोलण्यानं जोर आला असेल, पण माझ्या ओळखीतल्या बहुतेक बायकांचं उलटं झालेलं बघितलं आहे. "आधी वजन कमी करते, मग मैदानावर जाते" असं म्हणणाऱ्या किती तरी आहेत. लोक बघतील म्हणून चालायला जात नाहीत. जवळची एक मैत्रीण गुडघा दाखवायला दवाखान्यात गेली. डॉक्टरांनी गुडघ्याला हातही न लावता वजनकाट्याकडे बोट दाखवलं. नंतर वर्षभर ती कुठल्याच दवाखान्याची पायरी चढली नाही, आणि त्या वर्षात तिचा बीपी वाढत राहिला. ज्या शरीराची लाज वाटते त्याला माणूस डॉक्टरसमोरही नेत नाही. मला भीती याचीच आहे.

धुळे_ओपीडी

वाचत होतो, आता लिहितो. मी फिजिशियन आहे, धुळ्यात.

तापीकाठची ताईंनी सांगितलेला प्रसंग आमच्या पेशासाठी चांगला नाही. गुडघा दुखतो म्हणून आलेल्या माणसाचा गुडघा आधी बघायचा असतो. वजनाचा विषय काढायचाच तर "यावर बोललं तर चालेल का" एवढं विचारून काढावा. मी तसं करायला लागल्यापासून पेशंट पुन्हा येतात.

पण लोखंडी_रूळ भाऊंचा मुद्दाही सोडून देण्यासारखा नाही. आयसीएमआरच्या (भारतीय वैद्यकीय संशोधन परिषद) २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासाप्रमाणे भारतात सुमारे १० कोटी १० लाख लोकांना मधुमेह आहे आणि १३ कोटी ६० लाख लोक त्याच्या उंबरठ्यावर आहेत. यातले बरेच जण दिसायला अजिबात जाड नाहीत. त्याचं एक प्रसिद्ध उदाहरण आपल्या महाराष्ट्रातलंच आहे. पुण्याचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि इंग्लंडचे डॉ. जॉन युडकिन या दोघांचा फोटो २००४ साली 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात छापून आला. दोघांचा बीएमआय, म्हणजे उंचीच्या मानानं वजनाचा आकडा, अगदी सारखा, २२.३. अंगातली चरबी मोजली तर युडकिन यांची ९.१ टक्के आणि याज्ञिक यांची २१.२ टक्के. शर्टाच्या आत दोघंही बारीकच दिसतात! आपल्या लोकांत चरबी पोटात, आतड्यांभोवती आणि यकृतात साठण्याकडे कल जास्त आहे, आणि ती बाहेरून दिसेलच असं नाही.

बीएमआयचं गणित मांडलं ते एकोणिसाव्या शतकातल्या क्वेटलेट नावाच्या बेल्जियन गणितज्ञानं, आणि तेही लोकसमूहाचा सरासरी माणूस काढायला. एका माणसाची तब्येत ठरवणं हे त्याचं काम नव्हतं. आज आपण तो पहिला अंदाज म्हणून वापरतो, भारतीयांसाठी २३ च्या पुढे सावध व्हा म्हणतो. त्याहून मला कमरेचं माप उपयोगी वाटतं. पुरुषांत ९० सेंटिमीटर, बायकांत ८० सेंटिमीटर, याच्या वर गेलं की साखर, बीपी आणि कोलेस्टेरॉल तपासून घ्या. माप नाडा बांधतो तिथं घ्यायचं नसतं. शेवटची बरगडी आणि कमरेच्या हाडाचं वरचं टोक, यांच्या मधोमध टेप लावायचा, श्वास सहज सोडून, पोट आत न ओढता.

आता सगळ्यात महत्त्वाचं. चेन्नईला मधुमेहाच्या उंबरठ्यावरच्या लोकांवर मोठा अभ्यास झाला, २००६ साली प्रसिद्ध झाला. रोजचं चालणं आणि खाण्यातले साधे बदल, एवढ्यावर मधुमेह होण्याचं प्रमाण सुमारे २८ टक्क्यांनी कमी झालं. आणि त्या लोकांचं वजन फारसं उतरलंच नव्हतं. म्हणून काटा हलला नाही तर चालणं सोडून देणाऱ्यांना मी हे आवर्जून सांगतो. स्नायू साखर वापरायला लागतात, झोप सुधारते, बीपी उतरतो, हे काट्यावर दिसत नाही.

केळीबाग भाऊ, केळी वाईट नाही. साखर आटोक्यात असलेल्या माणसानं एक लहान केळं, फार पिकून काळे ठिपके आलेलं नसावं, मधल्या वेळेला खावं. भरपेट जेवणावर दोन केळी किंवा साखर घातलेलं शिकरण, हे टाळावं. मूत्रपिंडाचा आजार असेल तर मात्र पोटॅशियममुळे आपल्या डॉक्टरांना विचारूनच.

लोखंडी_रूळ (भुसावळ)

डॉक्टर, तो दोघांचा फोटो वाचून एक सहकारी आठवला. काडीसारखा बारीक, आम्ही त्याला नशीबवान म्हणायचो. जखम भरेना म्हणून तपासलं तर साखर तीनशेच्या वर. बारीक म्हणून त्याला कधी कुणी तपास म्हटलंच नव्हतं. तुमचं पटलं.

आता हे सांगा, शिफ्टवाल्यांनी काय करायचं? सकाळी सगळे फिरायला जातात तेव्हा मी झोपायला निघतो.

धुळे_ओपीडी

मुख्य जेवण ड्युटीवर जायच्या आधी घरी करा. रात्रीच्या डब्यात हलकं पण पोट धरणारं ठेवा: मोडाची मटकी, फुटाणे, दही, एखादं फळ, नाहीतर कमी तेलातलं थालीपीठ. चहा प्या, साखर अर्धी करत या. घरी आल्यावर खोली अंधारी करून झोप पूर्ण घ्या आणि चालणं संध्याकाळी उठल्यावर. आठवड्याला दीडशे मिनिटं दमदार चालणं आणि दोन दिवस स्नायूंचा व्यायाम, हे जागतिक आरोग्य संघटनेचं माप आहे. ते एकाच वेळी, सकाळीच झालं पाहिजे असं कुठंही लिहिलेलं नाही. दहा-दहा मिनिटांचे तुकडेही चालतात.

बोरीकाठची_मावशी (पारोळा)

पोरांनो, मी नातवाकडून टाइप करून घेते आहे.

आमच्या पिढीच्या तोंडून "जाड झाली" निघतं ते मायेनं. आमच्या लहानपणी दुष्काळात माणसं वाळलेली बघितली, म्हणून अंगानं भरलेली पोर दिसली की बरं वाटायचं. पण माझी नात चौदाची आहे. गेल्या दिवाळीला मी चार जणांत बोलले आणि तिनं फराळाचं ताट तसंच सरकवलं. तेव्हापासून घरात मी नियम केला: आल्यागेल्याच्या अंगावर बोलायचं नाही. "ये, बैस, पाणी घे" म्हणायचं. कुणी पाहुणी बोललीच तर मी लगेच विषय बदलते, "तिनं शाळेत धावण्यात नंबर काढला, ते विचार की!"

खाण्याचं मी सांगू शकते. तुम्ही शेवभाजीला रोजची भाजी करून ठेवली आहे. आमच्या वेळी ती पाहुणा अवेळी आला की व्हायची. शेव तळलेली, वर लाल तर्री, सोबत पापड, लोणचं. तोच काळा मसाला, तोच कांदा-खोबऱ्याचा भाजलेला वाटण मटकीला घाला, उडदाच्या डाळीला घाला. चव तीच लागते, तेल पळीभर कमी जातं. कळण्याची भाकरी करा. मी चार वाट्या ज्वारीला वाटीभर अख्खे उडीद घालून, मीठ टाकून दळून आणते. एक भाकरी खाल्ली की दुपारपर्यंत भूक लागत नाही. आणि हिवाळ्यात भरीत! शेतात काटक्यांवर भाजलेलं वांगं, हिरवी मिरची, लसूण, ओंजळभर कांद्याची पात. त्यात तेलाचा पूर आणायची गरज नसते, शेंगदाणे जरा हात राखून घाला. भरीत पार्टीला जाऊन कुणी आजारी पडत नाही, पार्टीनंतर दोन महिने अंगणात बसून राहिल्यानं पडतं.

तापीकाठची

मावशी, तुमच्या नियमासाठी मनापासून आभार. हा मी आमच्या घरी आजपासून लावते.

कपाशीचं_बोंड (चोपडा)

मी पहिल्यांदाच लिहितेय. वय तेवीस. पीसीओएस (हार्मोन्स बिघडण्याचा बायकांचा त्रास) आहे, पाळी दोन-दोन महिने येत नाही, हनुवटीवर केस. घरात स्थळं बघणं चालू आहे. "लग्नाआधी दहा किलो उतरव" हे रोज ऐकते. मी दिवसभर फक्त ताक आणि काकडीवर राहते, रात्री सगळे झोपले की स्वयंपाकघरात उभ्यानं चिवड्याचा डबा संपवते. मग रडते. सकाळी पुन्हा ताक. जिममध्ये गेले तर आधी-नंतरचे फोटो भिंतीवर लावतो म्हणाले, म्हणून तेही सोडलं. शरीरावर प्रेम करा असं वाचते तेव्हा मला जमतच नाही. मग मी काय करू?

तापीकाठची

बाळा, प्रेम जमत नसेल तर ते आज बाजूला ठेव. आज फक्त वेळेवर जेव. आवडो न आवडो, ते अंग तुझं आहे आणि त्याला भूक लागते, एवढं धरून चाललीस तरी खूप आहे. तू लिहिलंस, याचा मला फार आधार वाटला.

धुळे_ओपीडी

ताईंनी बरोबर सांगितलं. दिवसभर उपाशी राहिल्यावर रात्री जे होतं त्यात तुमचा दोष नाही. उपाशी ठेवलेलं शरीर खायला मागणारच. तीन वेळा जेवण आणि मध्ये एकदा काहीतरी, हा पहिला उपाय. प्रत्येक जेवणात डाळ, उसळ, दही, अंडं यातलं काहीतरी असू द्या.

पीसीओएससाठी स्त्रीरोगतज्ज्ञांना दाखवा, थायरॉइडही एकदा बघून घ्या. दहा किलोचा आकडा कुणी कुठून काढला माहीत नाही. वजन जास्त असेल तर पाच टक्के कमी झालं तरी अनेकींची पाळी सुधारते. साठ-सत्तर किलोच्या मुलीला म्हणजे तीन-साडेतीन किलो, तेही सावकाश. झपाट्यानं वजन उतरवलं तर स्नायू झडतात, पित्ताशयात खडे व्हायचा धोका वाढतो, आणि वजन परत येतं ते चरबी होऊन. घरात करता येईल असा व्यायाम: खुर्चीतून हात न लावता उठबस, भिंतीला टेकून दंड, पाण्याची भरलेली बाटली घेऊन हात वर करणं. फोटो कुणालाही काढू देऊ नका.

आणि रात्रीचं खाणं, नंतरचं रडणं हे थांबत नसेल तर समुपदेशकांशी बोला. सरकारची टेलिमानस ही मानसिक आरोग्याची हेल्पलाइन १४४१६ वर चोवीस तास मोफत आहे, मराठीतही बोलता येतं.

शिरपूरचा_मी

बारीक मुलांबद्दल कुणी लिहीत नाही म्हणून लिहितो. माझं वजन सत्तेचाळीस. कॉलेजात "हवा आली तर उडशील" रोजचं. मित्र एका दुकानातून पुडीतल्या गोळ्या आणायचा. भूक सपाटून लागायची, महिन्यात गाल वर आले, सगळे म्हणाले भरलास. मग चेहरा सुजल्यासारखा, पायाला सूज. डॉक्टरांनी सांगितलं त्यात स्टेरॉइड होतं. भावांनो, पुडीतली गोळी घेऊ नका. ज्यावर नाव नाही, पाकीट नाही, ती तर मुळीच नाही. आता मी शेंगदाणे, अंडी, उडदाची डाळ, दूध खातो आणि आखाड्यात जोर मारतो. वजन थोडंच वाढलं, पण पन्नास किलोचं पोतं मी आता एकटा उचलतो.

धुळे_ओपीडी

शिरपूरचे भाऊ, एक जोड देतो. स्टेरॉइड बरेच दिवस घेतलं असेल तर एकाएकी बंद करू नये, तेही धोक्याचं. डॉक्टरांच्या देखरेखीत कमी करतात. तुमच्या मित्राला सांगा.

सातपुड्याची (धडगाव)

मी नंदुरबार जिल्ह्यात आरोग्य विभागात काम करते. तुमची चर्चा वाचताना मला सारखं वाटत होतं, की आमच्याकडे हाच प्रश्न उलटा उभा आहे.

इकडे पाड्यांवर मुली बारीक आहेत, कारण पोटभर आणि चौरस मिळत नाही. रक्त कमी. त्यात सिकलसेल, म्हणजे रक्तातल्या तांबड्या पेशींचा आनुवंशिक आजार. भिल्ल आणि पावरा समाजात हा आजार बराच आढळतो. शहरातून आलेला कुणी एखाद्या मुलीला बघून "किती फिट आहे" म्हणतो, आणि मला माहीत असतं की तिचं हिमोग्लोबिन सातच्या आसपास आहे. अंगकाठीवरून तब्येत सांगता येत नाही, हे मी रोज बघते. सिकलसेलच्या मुलांना तर "घाम गाळ, जोर लाव" सांगणंसुद्धा धोक्याचं. अतिश्रम, पाणी कमी पडणं, थंडी लागणं यानं त्यांना असह्य दुखण्याचा झटका येतो. त्यांचा व्यायाम बेतानं, पाणी पीत पीत, मध्ये बसत बसत.

आणि आमच्याकडचं चांगलंही सांगते. ज्वारी, मका, भगर, डोंगरातल्या पावसाळी रानभाज्या, अंगणातली कोंबडी. जे घर हे अजून खातं तिथली मुलं वेगळी दिसतात. पाच रुपयांची कुरकुरीत पुडी वाडीपर्यंत पोचली आहे, त्याचा मला जास्त राग येतो. मुलगा घरची भाकरी सोडून ती मागतो, कारण भाकरी खाणं त्याला गरिबीचं वाटायला लागलं आहे. अंगाची लाज आणि ताटाची लाज सोबतच येते, असं माझं मत झालं आहे.

केळीबाग (रावेर)

ताई, शेवटचं वाक्य मनाला लागलं. आमच्याकडेही पोरं डब्यात भाकरी न्यायला लाजतात.

तापीकाठची

सातपुड्याची ताई, हे लिहिल्याबद्दल खूप आभार. मी फक्त माझ्याच बाजूनं बघत होते.

चालण्याबद्दल माझं थोडं लिहिते, कुणाला उपयोग होईल. आपल्याकडे मे महिन्यात पारा पंचेचाळीसच्या वर जातो, तेव्हा सातनंतर बाहेर पडणं म्हणजे आजाराला बोलावणं. आम्ही काही जणी उजाडताच मेहरूण तलावावर जातो. कुणी साडीत, कुणी ड्रेसवर मुलाचे बूट घालून. रस्त्यानं एकटीला बघणाऱ्या नजरा असतात, घोळक्यात त्या लागत नाहीत. जिला दम लागतो तिच्या चालीनं सगळ्या चालतात, हा आमचा ठराव. वजन किती उतरलं हे कुणी कुणाला विचारत नाही. पायऱ्या चढताना धाप कमी लागते का, रात्री झोप लागते का, एवढं विचारतो. आणि वर्षातून एकदा सगळ्या मिळून रक्त तपासायला जातो. एकटीला भीती वाटते, चौघी असलो की रिपोर्टसुद्धा एकमेकींना दाखवतो.

लोखंडी_रूळ (भुसावळ)

हे आवडलं. आमच्या क्वार्टर्समध्ये संध्याकाळचा असा गट करून बघतो. घरच्यांनाही घेतो.

कपाशीचं_बोंड (चोपडा)

आज दुपारी जेवले. वरण, भाकरी, मेथी. आईला चिवड्याचं सांगितलं. ती काही बोलली नाही, पण संध्याकाळी स्वतःहून ताट वाढलं. पुढच्या आठवड्यात डॉक्टरांकडे जाणार आहोत, आई सोबत येतेय.

बोरीकाठची_मावशी (पारोळा)

शाबास माय.

डॉक्टर, मला एक विचारायचं आहे. श्रावणात कानबाई देवी बसेल. तिच्या प्रसादाचे रोट घरच्यांनीच संपवायचे असतात, बाहेर द्यायचे नसतात. मला साखर आहे, गोळी चालू आहे. मुलं म्हणतात तू खाऊच नको. देवीचं कसं सोडायचं?

धुळे_ओपीडी

मावशी, सोडू नका. आधी दिवसभर उपाशी राहून मग एकदम रोट, असं करू नका. थोडा रोट, सोबत भाजी जास्त, वरण, आणि त्या वेळची दुसरी पोळी-भात नाही. जेवून झाल्यावर घरातल्या घरात पंधरा मिनिटं फिरा. गोळी मनानं बंद करू नका, आणि दुप्पटही घेऊ नका.

उपवास असेल तर मात्र तुमची गोळी कोणती हे महत्त्वाचं आहे. काही गोळ्यांनी आणि इन्सुलिननं उपाशीपोटी साखर खाली जाते. घाम, थरथर, छातीत धडधड, डोळ्यांपुढे अंधारी आली तर लगेच तीन चमचे साखर पाण्यात घालून प्या, पंधरा मिनिटांनी पुन्हा बघा, आणि मग काहीतरी खा. उपवास मोडला तरी चालेल.

बोरीकाठची_मावशी (पारोळा)

गोळीचं पाकीट घेऊन नातवाला उद्याच पाठवते दवाखान्यात, विचारून येईल. यंदा रोटाचं पीठही थोडं कमीच दळते.